वादी गैरहजर

दिवाणी न्यायालयात दाखल झालेला प्रत्येक दावा साक्षीपुरावा, युक्तिवाद आणि निकालपत्र या राजमार्गानेच आपल्या अखेरीस पोहोचतो, अशी सर्वसामान्य माणसाची प्रामाणिक समजूत असते. परंतु तालुक्याच्या कोणत्याही न्यायालयातील रोजनामे चाळून पाहिले, तर ज्या दाव्यांत कोण खरा आणि कोण खोटा याचा विचार करण्याची वेळच आली नाही, असे कितीतरी दावे एका ओळीत संपलेले आढळतात. सकाळी बोर्डावरील प्रकरणांचा पुकारा होतो, पट्टेवाला दाराशी उभा राहून पक्षकारांची नावे मोठ्याने घेतो, दुपारी पुन्हा एकदा घेतो, आणि तरीही वादी किंवा त्याचा वकील पुढे आला नाही, म्हणजे रोजनाम्यात त्यांच्या गैरहजेरीची नोंद होऊन दावा कसुरीबद्दल काढून टाकल्याचा हुकूम त्याच ओळीत उतरतो. वकिलांच्या बोलीत त्याला ‘दावा डिफॉल्टमध्ये गेला’ म्हणतात. ज्याच्या बापाने सरहद्दीच्या बांधासाठी आपल्या उमेदीच्या वयात तो दावा लावलेला असतो, त्या मुलाला ही बातमी कित्येकदा महिन्यांनी, आणि तीही प्रतिवादीच्या तोंडून कळते.

या व्यवस्थेमागे तत्त्व आहे, आणि ते प्रथमदर्शनी वाटते तितके निष्ठुर नाही. दिवाणी न्यायाधीश हा स्वतः गावोगाव फिरून सत्याचा शोध घेणारा चौकशी-अंमलदार नव्हे. दोन पक्षांनी आपापले म्हणणे त्याच्यापुढे मांडावे आणि त्याने त्यातून निवाडा करावा, अशी आपल्या न्यायपद्धतीची घडण असल्यामुळे, ज्याने तक्रार मांडली तोच तिच्यामागे उभा राहण्यास तयार नसेल तर न्यायालयाने कोणाचे काय ऐकायचे, हा प्रश्न उरतोच. शिवाय वादीबद्दल कळवळा दाखविताना आपण प्रतिवादीला सहज विसरतो. त्याने कोणालाही न्यायालयात बोलावलेले नसते. समन्स हाती पडल्या दिवसापासून मोलमजुरी बुडवून, एस.टी.चे तिकीट काढून, वकिलाची फी भरून तो प्रत्येक तारखेला येऊन बाकावर बसतो, आणि ज्याने त्याला तेथे बसविले तो मात्र घरी असतो. अशा माणसाला अनिश्चित काळापर्यंत टांगून ठेवण्याचा अधिकार कोणत्याही वादीला देता येणार नाही, हे मान्य करूनच पुढचा विचार केला पाहिजे.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतील आदेश ९ मध्ये या विषयाचे नियम एकत्र केलेले असून, त्यांतील एक बारकावा मला नेहमीच विलक्षण वाटत आला आहे. सुनावणीच्या दिवशी दोन्ही पक्ष गैरहजर राहिले आणि नियम ३ अन्वये दावा काढून टाकला गेला, तर नियम ४ वादीला दोन दारे उघडी ठेवतो: त्याने पुरेसे कारण दाखवून जुना दावा पुन्हा फाइलवर घ्यावा असा अर्ज करावा, किंवा मुदत संपलेली नसल्यास त्याच कारणावर नवा दावा लावावा. परंतु त्याच दिवशी प्रतिवादी मात्र हजर असेल आणि त्याने वादीची मागणी अंशतःही कबूल केली नसेल, तर नियम ८ लागू होतो, आणि मग नियम ९ नव्या दाव्याचे दार कायमचे बंद करतो. उरते ती केवळ जुना दावा जिवंत करण्याची विनंती. म्हणजे वादीची कसूर दोन्ही प्रसंगी तंतोतंत सारखीच असताना, तिचे फळ सौम्य मिळावे की कठोर, हे त्या सकाळी त्याच्या प्रतिस्पर्ध्याची एस.टी. वेळेवर आली की नाही यावर ठरते! यामागे हजर राहिलेल्या प्रतिवादीचा त्रास लक्षात घेण्याची बुद्धी आहे हे खरे, तथापि त्या त्रासाचे मोल पैशात न आकारता वादीच्या उपायावरच घाव घालून आकारणे हे प्रमाणाबाहेरचे वाटते.

मात्र या हुकुमाने काय घडत नाही, हेही समजून घेणे आवश्यक आहे, कारण याविषयी गावागावांत चुकीच्या कल्पना पसरलेल्या असतात आणि त्यांचा लाभ धूर्त माणसे उठवितात. कसुरीबद्दल दावा काढून टाकणे हा संहितेच्या व्याख्येप्रमाणे हुकूमनामाच नव्हे. त्यात कोणत्याही मुद्द्यावर निर्णय झालेला नसतो, आणि म्हणून ‘कोर्टाने जमीन आमची ठरविली’ अशी फुशारकी मारणाऱ्या प्रतिवादीच्या हाती वस्तुतः तसा कोणताही निवाडा आलेला नसतो. वादीचा उपाय खुंटतो, हक्क मरत नाही. उद्या त्याच प्रतिवादीने त्याच जमिनीबद्दल त्याच्यावर दावा लावला, तर आपला हक्क बचाव म्हणून पुढे करण्यास त्याला मोकळीक असते. एकत्र कुटुंबाच्या वाटपाच्या दाव्यांत तर न्यायालयांनी याहून उदार दृष्टी स्वीकारलेली आहे, कारण मिळकत जोवर एकत्र आहे तोवर वाटप मागण्याचा हक्कही चालूच राहतो, आणि एकदा डिफॉल्टमध्ये गेलेला दावा त्या हक्काला सहसा आडवा येत नाही. अपिलांच्या बाबतीत १९७६ च्या दुरुस्तीने एक स्पष्टीकरण जोडून असे सांगितले की, अपीलकर्ता गैरहजर असता अपील काढून टाकता येईल, परंतु त्याच्या पाठीमागे गुणदोषांवर फेटाळता येणार नाही. वरवर पाहता गुणदोष तपासणे हे अधिक न्याय्य वाटेल. पण गुणदोषांवर निकाल झाला की गैरहजेरीचे कारण दाखवून परत येण्याची वाटच बुजते, हे ही दुरुस्ती करणाऱ्यांनी नेमके ओळखले होते.

परत येण्याच्या या वाटेला मुदत आहे ती ३० दिवसांची, आणि ती मोजावयाची दावा काढून टाकल्याच्या तारखेपासून. पक्षकाराला ते कळल्याच्या तारखेपासून नव्हे. १९६३ च्या मुदतीच्या कायद्यातील अनुच्छेद १२२ चा हा काटा अनेकांच्या पायात रुततो. सुदैवाने त्याच कायद्याच्या कलम ५ अन्वये विलंबमाफीचा अर्ज करता येतो, आणि पुनःस्थापनेचा अर्ज नामंजूर झाला तर त्यावर अपीलही चालते. ‘पुरेसे कारण’ म्हणजे काय याची यादी कायद्याने मुद्दामच दिलेली नाही. आजारपण, घरातील मृत्यू, तारीख लिहून घेण्यातील चूक, अतिवृष्टीने बंद पडलेला रस्ता, अशी माणसांच्या आयुष्यात घडणारी कारणे प्रतिज्ञापत्रावर येतात आणि न्यायाधीश ती पारखून घेतो. २००० साली सर्वोच्च न्यायालयाने एकतर्फी हुकूमनाम्याच्या संदर्भात असे बजावले की, ज्या तारखेच्या गैरहजेरीमुळे हुकूम झाला त्या तारखेपुरतेच कारण पाहावे, त्याआधीच्या तारखांचा पाढा वाचून पक्षकाराला दोषी ठरवू नये. विलंबाचे दिवस किती यापेक्षा त्यांचा खुलासा पटण्याजोगा आहे की नाही याला महत्त्व देऊन त्याच न्यायालयाने १९९८ मध्ये ८८३ दिवसांचा विलंबही माफ केलेला आहे. उलट थोड्या दिवसांचा विलंबही, त्यामागे लबाडी दिसली तर, माफीस पात्र ठरत नाही.

गैरहजर वादीचे काय करावे हा प्रश्न इंग्रजी अमदानीने आपल्याकडे आणला असे मात्र नाही. नारदस्मृतीत जे पाच प्रकारचे ‘हीन’ वादी सांगितले आहेत, त्यांत आपले म्हणणे बदलणारा, पुराव्याला नाके मुरडणारा, निरुत्तर होणारा आणि बोलावणे आले असता पळून जाणारा यांच्या जोडीला ‘नोपस्थाता’, म्हणजे उपस्थितच न होणारा, हाही गणलेला आहे. धर्मशास्त्राचा इतिहास लिहिणारे महामहोपाध्याय पांडुरंग वामन काणे हे स्वतः मुंबई उच्च न्यायालयात वकिली करीत असल्याने, त्यांनी व्यवहारप्रकरणाचे विवेचन करताना या जुन्या वर्गीकरणांना केवळ पोथीतील कुतूहल म्हणून वागविले नाही. त्याच नारदाने दुसरीकडे असेही म्हटले आहे की जमीन, ऋण इत्यादींच्या वादांत बोलण्यात चूक करणारा माणूस शिक्षेला पात्र झाला तरी आपल्या मूळ अर्थाला मुकत नाही. हा भेद शब्दांच्या चुकीपुरता सांगितलेला आहे हे मी जाणतो. तरीही कसुरीला दंड असावा, पण दंडाची परिणती मूळ हक्काच्या नाशात होऊ नये, ही जी विवेकाची रेषा तेथे ओढलेली दिसते, ती आपल्या गैरहजर वादीच्या बाबतीतही ओढण्यासारखी आहे. मराठेशाहीत निवाड्यास बसण्यापूर्वी अग्रवादी आणि पश्चिमवादी, म्हणजे वादी आणि प्रतिवादी, या दोघांकडूनही राजीनामे, म्हणजे निवाडा मान्य करण्याच्या लेखी संमती, आणि जामीन लिहून घेण्याची वहिवाट होती. हजेरीची जबाबदारी एकट्या पक्षकारावर न टाकता त्याच्या गोतावर आणि जामिनावरही ती वाटून टाकण्याची ही युक्ती होती.

आज ती जबाबदारी वाटली गेली आहे ती वकिलाबरोबर, आणि खरी गुंतागुंत येथेच आहे. वकीलपत्रावर सही करून किंवा अंगठा उठवून जो शेतकरी गावी परततो, त्याची अशी निष्ठावंत समजूत असते की आता आपले काम वकीलसाहेब पाहतील, आणि त्यांनी बोलावले म्हणजे आपण जायचे. १९८१ मध्ये उत्तर प्रदेशातून आलेल्या अशाच एका प्रकरणात, अलाहाबाद उच्च न्यायालयापुढे वकील गैरहजर राहिल्याने ज्याचे अपील गेले त्या खेडवळ पक्षकाराची कैफियत ऐकताना, सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती डी. ए. देसाई यांनी असा विचार मांडला की, वकील नेमून, त्याची फी देऊन, त्याच्यावर विश्वास टाकून जो घरी गेला त्याने आणखी काय करावयास हवे होते. त्याने काय उच्च न्यायालयात येऊन आपला वकील हजर आहे की नाही यावर पहारा ठेवायचा? पक्षकाराला अपील परत मिळाले, आणि खर्च गैरहजर राहिलेल्या वकिलाकडून वसूल करण्याचा हुकूम झाला. या निकालाचा आधार पुढे इतक्या सढळपणे घेतला जाऊ लागला की, १९९३ मध्ये त्याच न्यायालयाला त्याला लगाम घालावा लागला: कलकत्त्यातच कार्यालय असलेल्या एका खासगी कंपनीने वकिलाच्या सल्ल्यावर बोट ठेवले तेव्हा, खेड्यातल्या अशिक्षित माणसासाठी सांगितलेली गोष्ट शहरातल्या जाणत्या व्यापाऱ्याला लागू पडत नाही, असे न्यायालयाने सुनावले. २०२४ च्या नोव्हेंबरमध्येही, आपल्या दाव्याची वर्षानुवर्षे चौकशी न करता सर्व दोष वकिलाच्या माथी मारणाऱ्या पक्षकारांना न्यायालयाने तसेच ऐकविले.

याच संदर्भात ‘पर्सिस’ नावाच्या कागदाचा उल्लेख केला पाहिजे. पक्षकार फिरकत नाही, फी देत नाही, पत्राला उत्तर देत नाही, अशी स्थिती झाली म्हणजे वकील न्यायालयात ‘पक्षकाराकडून सूचना नाहीत’ अशी एका ओळीची पर्सिस देऊन मोकळा होतो, आणि पुढच्या क्षणी वादी वकिलावाचून व हजेरीवाचून उघडा पडतो. ही पर्सिस दाखल झाल्यावर पक्षकाराला नोटीस काढून कळविल्याखेरीज त्याच्याविरुद्ध पाऊल उचलू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये सांगितले. माझ्या मते या विषयातील सर्वांत उपयुक्त दंडक हाच होय. एका पोस्टकार्डाच्या खर्चात जो अनर्थ टळतो, तो पुढे विलंबमाफीच्या अर्जांच्या चळती रचून निस्तरता येत नाही.

गैरहजेरीची खरी भीषणता पाहावयाची असेल तर दिवाणी न्यायालयाच्या इमारतीबाहेर पडून महाराष्ट्राच्या कुळकायद्याकडे वळावे लागेल. मुंबई कुळवहिवाट व शेतजमीन अधिनियम, १९४८ यात पुढे झालेल्या दुरुस्तीने १ एप्रिल १९५७ हा कृषक दिन ठरला, आणि त्या दिवशी कसणारे कूळ कायद्यानेच जमिनीचे खरेदीदार मानले गेले. एवढी मोठी सामाजिक क्रांती एका तारखेने घडवून आणल्यावर किंमत ठरविण्याची चौकशी तेवढी उरली होती. पण कलम ३२ जी मध्ये असे लिहिलेले होते की, शेतजमीन न्यायाधिकरणापुढे कूळ हजर राहिले नाही, किंवा आपल्याला जमीन घ्यावयाची नाही असे त्याने सांगितले, तर त्याची खरेदी निष्प्रभ झाल्याचे न्यायाधिकरणाने जाहीर करावे. येथे गैरहजेरी म्हणजे नुसती कसूर नव्हती, तो नकारच समजला जात असे. ज्या कुळाचा कर्ता मुलगा मुंबईच्या गिरणीत राबत होता, ज्याच्या म्हाताऱ्या आईला नोटिशीवरचे अक्षर वाचता येत नव्हते, किंवा ज्याला मालकाच्या ओसरीवर पिढ्यान्पिढ्या जोडे काढून उभे राहावे लागल्यामुळे त्याच मालकाच्या समोर उभे राहून ‘जमीन मला हवी’ असे म्हणण्याचा धीर झाला नाही, त्याच्या बाबतीत तहसील कचेरीतल्या त्या एका दिवसाने भूस्वामित्वाचा प्रश्न निकालात काढला. खरेदी निष्प्रभ झाली की कलम ३२ पी अन्वये कुळाला जमिनीवरून दूर करून तिची विल्हेवाट लावण्याची कारवाई पुढे उभी राहत असे.

कायदा करणारे आंधळे होते असे नाही. गैरहजेरीत असा हुकूम झाला तर तो पक्षकाराला कळवावा आणि कळविल्यापासून ६० दिवसांत त्याला फेरतपासणी मागता यावी, असे परंतुक त्यांनी घातले; येथे मुदत हुकुमाच्या तारखेपासून नव्हे तर तो कळविल्यापासून धावते, ही गोष्ट अनुच्छेद १२२ शी ताडून पाहण्यासारखी आहे. एवढ्यानेही भागले नाही, आणि १९६९ च्या दुरुस्तीने कलम ३२ पीपी घालून, पूर्वी गैरहजर राहिल्यामुळे वा नकार दिल्यामुळे ज्यांची खरेदी निष्प्रभ ठरली होती परंतु जमिनीचा ताबा ज्यांच्याकडेच राहिला होता, अशा कुळांना ती विकत घेण्याची आणखी एक संधी दिली गेली. एका विधिमंडळाने आपल्याच कायद्यातील गैरहजेरीच्या शिक्षेबद्दल दिलेली याहून स्पष्ट कबुली क्वचितच सापडेल. ज्यांची जमीन तोवर हातची गेली होती, त्यांना मात्र ही दुरुस्ती काही देऊ शकली नाही.

काही प्रकरणे अशीही आहेत की, ज्यांत मागणारा आला नाही तरी न्यायालयाला हात झटकता येत नाहीत. शिक्षा झालेल्या आरोपीचे अपील त्याचा वकील आला नाही म्हणून काढून टाकता येणार नाही, अभिलेख वाचून गुणदोषांवरच निर्णय द्यावा लागेल, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये ठरविले. माणसाचे स्वातंत्र्य वकिलाच्या रोजनिशीवर अवलंबून ठेवता येत नाही, हा त्यामागील सरळ न्याय. भूसंपादनाच्या वाढीव मोबदल्याचा संदर्भ दिवाणी न्यायालयाकडे आला की शेतकरी हजर असो वा नसो, मोबदला किती याचा निवाडा देणे न्यायालयावर बंधनकारक असल्याचे २००२ च्या एका निकालात म्हटले आहे, आणि धरणांसाठी व रस्त्यांसाठी ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांनी हे लक्षात ठेवण्याजोगे आहे. लोकहितार्थ याचिकांच्या बाबतीत तर मुंबईच्या पत्रकार शीला बारसे यांचे प्रकरण प्रसिद्धच आहे. तुरुंगांत डांबलेल्या मुलांसाठी त्यांनी याचिका केली, सुनावणीच्या दिरंगाईने उद्विग्न होऊन १९८८ मध्ये ती मागे घेण्याची परवानगी मागितली, आणि न्यायालयाने असे उत्तर दिले की, त्या स्वतः बाजूला होऊ शकतात, पण याचिका त्यांची खासगी मालमत्ता नाही. ती विधी-साहाय्य समितीमार्फत पुढे चालेल. ज्या न्यायालयाच्या दिरंगाईबद्दल तक्रार होती त्यानेच ती पुढे चालविण्याचे ठरवावे, यात थोडा उपरोध आहे, परंतु तत्त्व बिनतोड आहे.

उच्च न्यायालयाच्या पातळीवर हा प्रकार आणखी यांत्रिक रूप धारण करतो. मुंबई उच्च न्यायालयाच्या मूळ शाखेत प्रोथोनोटरी आणि सीनियर मास्टर या भारदस्त पदनामाचा जो अधिकारी असतो, त्याच्या कचेरीने काढलेल्या हरकती, म्हणजे कुठे एखादी प्रत अस्पष्ट, कुठे सही राहिलेली, कुठे मुद्रांक अपुरा, मुदतीत दूर झाल्या नाहीत तर प्रकरण न्यायमूर्तींच्या नजरेस पडण्यापूर्वीच गळून जाते. न्यायमूर्तीही कधीकधी असा सशर्त हुकूम करतात की, अमुक तारखेपर्यंत पूर्तता न झाल्यास याचिका न्यायालयापुढे पुन्हा न ठेवता आपोआप फेटाळली गेली असे समजावे. सोलापूर किंवा सावंतवाडीहून मुंबईच्या वकिलामार्फत प्रकरण चालविणाऱ्याला हा हुकूम कळावा कसा? ऑगस्ट २०२५ मध्ये कोल्हापुरात उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ सुरू झाल्याने दक्षिण महाराष्ट्राच्या आणि तळकोकणच्या पक्षकारांचे अंतर कमी झाले, आणि ई-कोर्टच्या ॲपवर आता प्रकरणाचा क्रमांक घालून तारीख व हुकूम घरबसल्या पाहता येतो. परंतु ज्याला आपल्या दाव्याचा क्रमांकच ठाऊक नाही, आणि ज्याचे कागद वकिलाच्या कपाटात आहेत, त्याच्यासाठी ते ॲप आणि मुंबई यांत फारसा फरक नाही.

नागपूरच्या वकीलवर्गातून सर्वोच्च न्यायालयात गेलेले न्यायमूर्ती व्हिवियन बोस यांनी १९५५ मध्ये, कोट्याच्या निवडणूक न्यायाधिकरणाविरुद्धच्या प्रकरणात, कार्यपद्धतीचे कायदे हे न्याय सुकर करण्यासाठी असतात, लोकांना पेचात पकडून शिक्षा करण्यासाठी नव्हेत, असे प्रतिपादन केले. एका तारखेला गैरहजर राहिलेला माणूस पुढच्या तारखेला आला तर त्याला उरलेल्या सुनावणीत भाग घेऊ दिला पाहिजे, एवढाच तेथील मुद्दा होता. पण त्यातील दृष्टी व्यापक होती. या दृष्टीचा अर्थ ढिलाई असा मात्र करू नये. पुराव्याच्या टप्प्यावर एका पक्षाला तीनहून अधिक तहकुबी देऊ नयेत, हे बंधन संहितेत आता आहेच, आणि १९७६ सालच्या कलम ३५ बी प्रमाणे विलंब करणाऱ्याने दुसऱ्या पक्षाचा खर्च आधी भरावा, त्याशिवाय त्याचे प्रकरण पुढे चालू नये, अशीही तरतूद आहे. हे शस्त्र म्यानातच गंजत पडते याचे मला आश्चर्य वाटते. प्रतिवादीच्या प्रत्येक वाया गेलेल्या फेरीचा खरोखरीचा खर्च, नाममात्र नव्हे, वादीकडून आणि दोष वकिलाचा असेल तर वकिलाकडून वसूल केला, तर दावा काढून टाकण्याची पाळी फारच थोड्या प्रसंगी येईल.

पुनःस्थापनेचा अर्ज मंजूर होताना बहुधा असाच काही खर्च लावला जातो, आणि दावा जेथे थांबला होता तेथून पुढे सुरू होतो. त्यातील तात्पुरत्या मनाई हुकुमाचे काय होते, याबद्दल दीर्घकाळ संदिग्धता होती. २००४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बहुमताने असे ठरविले की, विरुद्ध काही लिहिलेले नसेल तर दाव्याबरोबर असे अंतरिम हुकूमही पुन्हा जिवंत होतात. तरीदेखील जाणते वकील आपल्या अर्जात त्या हुकुमाचा स्वतंत्र उल्लेख करून तो पूर्ववत चालू ठेवावा अशी स्पष्ट मागणी करतात, कारण दावा काढून टाकलेला असतानाच्या त्या मधल्या महिन्यांत प्रतिवादीने खरेदीखत करून दिलेले असले, तर नवा खरेदीदार सातबाऱ्यावर आपले नाव लावण्यासाठी तलाठ्याकडे आधीच पोहोचलेला असतो.